हंगेरी २०१० ते २०१४: निवडून आलेल्या सरकारने लोकशाही आतून कशी पोखरली

कृष्णाकाठ (धागाकर्ती)

नमस्कार मंडळी. बरेच दिवस डोक्यात घोळत असलेला विषय आज लिहून काढतेय. लोकशाही गेली म्हटलं की आपल्याला रस्त्यावरचे रणगाडे आठवतात, रेडिओ स्टेशनवर सैनिक, पुढारी नजरकैदेत वगैरे. पण गेल्या पंचवीसेक वर्षांत जिथे जिथे लोकशाही खंगलीय तिथे बहुतेक ठिकाणी हे काम रीतसर निवडून आलेल्या लोकांनी केलंय, संसदेत मतदान घेऊन, राजपत्रात छापून, सगळं कायदेशीर. म्हणूनच ते होत असताना कुणाच्या लक्षात येत नाही आणि लक्षात आलं तरी नेमकं बोट कशावर ठेवायचं ते कळत नाही. हंगेरीत हे पायरी पायरीने दिसतं म्हणून तेच उदाहरण घेतेय, आणि त्यातलीसुद्धा फक्त पहिली चार वर्षं, कारण माझं मत असं की जे व्हायचं ते तेव्हाच झालं, पुढचं सगळं त्या पायावर उभं राहिलं.

एक विनंती: आपल्याकडच्या आजच्या पक्षांवरून इथे जुंपू नका प्लीज, त्याला दुसरे धागे आहेत.

तर व्हिक्टर ओर्बान. १९८९ च्या जूनमध्ये बुडापेस्टच्या हीरोज स्क्वेअरमध्ये लाखो लोकांसमोर उभं राहून रशियन सैन्य परत गेलं पाहिजे असं म्हणणारा तरुण तो हाच. पुढे १९९८ ते २००२ पंतप्रधान होता, मग २००२ आणि २००६ अशा दोन निवडणुका लागोपाठ हरला. २००६ मध्ये समाजवादी पंतप्रधानांची एक टेप फुटली, त्यात ते स्वतःच्या खासदारांना सांगतायत की आपण लोकांशी सकाळ-दुपार-रात्र खोटं बोललो. त्यावर दंगली झाल्या. २००८ च्या मंदीत नाणेनिधी आणि युरोपियन युनियनकडे हात पसरावे लागले, घराघरात स्विस फ्रँकमध्ये काढलेली गृहकर्जं होती त्यांचे हप्ते भडकले. लोक चिडलेले होते आणि त्यांचं चिडणं शंभर टक्के बरोबर होतं. एप्रिल २०१० मध्ये ओर्बानच्या फिदेस आघाडीला सुमारे ५३ टक्के मतं पडली आणि जागा मिळाल्या ३८६ पैकी २६३, म्हणजे ६८ टक्के. दोन तृतीयांशच्या वर, आणि तिथे दोन तृतीयांश असलं की राज्यघटना एकट्याने बदलता येते.

पहिलं काम काय केलं? तिथे सर्वोच्च न्यायालयाहून वेगळं, कायदा घटनेला धरून आहे का ते ठरवणारं घटना न्यायालय असतं. त्यावर नेमणूक करायची नावं सुचवणारी एक संसदीय समिती होती, तिच्यात प्रत्येक पक्षाचा एक माणूस असायचा, म्हणजे विरोधकांची संमती घेतल्याशिवाय नाव पुढेच जायचं नाही. २०१० च्या उन्हाळ्यात नियम बदलला, समितीत आता पक्षाच्या जागांच्या प्रमाणात सभासद. एवढंच. वाचायला किती साधं वाटतं ना, जास्त जागा असलेल्या पक्षाचे जास्त लोक, यात गैर काय असं कुणीही म्हणेल. पण त्या दिवसापासून घटना न्यायालयाचा प्रत्येक नवा न्यायाधीश एकटा सत्ताधारी पक्ष ठरवू शकत होता. मग न्यायाधीशांची संख्या ११ वरून १५ केली, मुदत ९ वर्षांवरून १२ केली.

तोपर्यंत जुनं न्यायालय अजून जागेवर होतं. सरकारी नोकरी सोडताना मिळणाऱ्या मोठ्या रकमांवर सरकारने ९८ टक्के कर लावला होता, तोही पूर्वलक्षी. ऑक्टोबर २०१० मध्ये न्यायालयाने तो रद्द केला. सरकारने काय केलं, तर पुढच्याच महिन्यात घटनादुरुस्ती करून कर आणि बजेटच्या बहुतेक कायद्यांवर न्यायालयाचा अधिकारच काढून घेतला, आणि कर पुन्हा लावला. हा कर लोकांना आवडणारा होता हे लक्षात घ्या, मोठ्या अधिकाऱ्यांच्या गलेलठ्ठ रकमांवरचा कर कुणाला नको असतो? न्यायालयाच्या बाजूने रस्त्यावर कोण उतरणार?

२०११ च्या एप्रिलमध्ये नवी घटना आली. विरोधकांतल्या दोन पक्षांनी बहिष्कार टाकलेला, जनमत घेतलं नाही, मांडल्यापासून मंजूर होईपर्यंत जेमतेम महिनाभर. १ जानेवारी २०१२ पासून लागू. त्याच तारखेपासून न्यायाधीशांचं निवृत्तीचं वय ७० वरून एकदम ६२. सुमारे पावणेतीनशे न्यायाधीश घरी जाणार असं झालं, आणि सगळ्यात ज्येष्ठ तेच, म्हणजे जिल्ह्या-जिल्ह्याचे कोर्टप्रमुख वगैरे. त्या जागा कुणी भरायच्या? त्यासाठी नवं न्यायिक कार्यालय काढलं, त्याची प्रमुख संसदेने ९ वर्षांसाठी निवडली, ट्युंडे हांडो. या बाई योझेफ सायेर या फिदेसच्या बड्या नेत्याच्या पत्नी, आणि नवी घटना लिहिण्यात या सायेरचा मोठा वाटा. नोव्हेंबर २०१२ मध्ये युरोपियन युनियनच्या कोर्टाने निकाल दिला की हा वयाचा नियम बेकायदा आहे. सरकारने निकाल मान्य केला, भरपाई दिली, काहींना परत यायची मुभा दिली. पण तोपर्यंत प्रमुखपदांवर नवे लोक बसले होते, त्यांना कुणी उठवलं नाही.

आणि एक माणूस, त्याचं प्रकरण मला सगळ्यात जास्त बोचतं. आंद्राश बॉका. सतरा वर्षं स्ट्रासबर्गच्या मानवी हक्क न्यायालयात न्यायाधीश, २००९ मध्ये हंगेरीच्या सर्वोच्च न्यायालयाचे अध्यक्ष झाले, सहा वर्षांसाठी. निवृत्तीच्या नियमावर त्यांनी जाहीर टीका केली, ते त्यांचं कामच होतं. नव्या घटनेत सर्वोच्च न्यायालयाचं नाव बदलून कूरिया केलं आणि नाव बदललं म्हणून जुन्या अध्यक्षाची मुदत संपली असं ठरवलं. बरं नव्या पदासाठी पुन्हा अर्ज करावा तर अट घातली की हंगेरीत न्यायाधीश म्हणून पाच वर्षं काम केलेलं पाहिजे, स्ट्रासबर्गची सतरा वर्षं मोजणार नाही. कायद्यात कुठेही बॉकांचं नाव नाही, कलम सगळ्यांना सारखं लागू, फक्त त्यात बसत नव्हते ते हेच एक.

मीडियाचं थोडक्यात सांगते. २०१० मध्येच पाच जणांचं मीडिया कौन्सिल केलं, पाचही फिदेसने सुचवलेले, मुदत ९ वर्षं. सरकारी वाहिन्यांतून पुढच्या काळात शेकड्यांनी लोक कमी केले. सरकारी जाहिराती मर्जीतल्यांना. खासगी पेपर कुणी बंद केला नाही तेव्हा, फक्त त्यांचा पैसा आटला.

आता निवडणूक कायदा, याच्यावर जरा थांबते कारण हा प्रकार बारकाईने बघण्यासारखा आहे. संसद ३८६ वरून १९९ केली, १०६ मतदारसंघ आणि ९३ पक्षयादीच्या जागा, म्हणजे पक्षाच्या यादीला जमा झालेल्या मतांच्या प्रमाणात मिळणाऱ्या. खर्च कमी होईल म्हणून लोक खूश. दुसरी फेरी रद्द. पूर्वी पहिल्या फेरीनंतर विरोधक आपसात समझोता करू शकायचे, तो रस्ता बंद. मतदारसंघांच्या हद्दी कायद्यात लिहून टाकल्या, बदलायच्या तर पुन्हा दोन तृतीयांश. आणि एक बारीक कलम: पूर्वी मतदारसंघात हरलेल्या उमेदवाराची मतं त्याच्या पक्षाच्या यादीत जमा व्हायची, म्हणजे ती वाया जाऊ नयेत म्हणून. नव्या कायद्यात जिंकणाऱ्याची जादा मतंसुद्धा यादीत जमा. समजा मला २०,००० पडली आणि तुम्हाला १२,०००. तुमची १२,००० तुमच्या यादीत गेली, ठीक. पण मला जिंकायला १२,००१ पुरली असती, म्हणून उरलेली ७,९९९ माझ्या यादीत. मी जागा पण घेतली आणि त्याच मतांवर यादीतून आणखी पण घेणार.

२०१४ ला फिदेसची चार लाखांहून जास्त मतं कमी झाली, टक्का ५३ वरून ४५ वर आला. जागा किती? १९९ पैकी १३३. दोन तृतीयांशला १३३ च लागतात.

---

चौकस

वाचनीय धागा ताई. ते ७,९९९ चं गणित दोनदा वाचलं तेव्हा कळलं. मला एक विचारायचंय, या सगळ्यात मतमोजणीत घोळ झाला का? म्हणजे खोटं मतदान, पेट्या पळवणं?

कृष्णाकाठ

तसला मोठा आरोप नव्हता, आणि मुद्दा तोच आहे चौकस. २०१४ ला युरोपियन निरीक्षकांनी म्हटलं की निवडणूक कार्यक्षमतेने पार पडली, मतदारांना पर्याय होते, पण सत्ताधारी पक्षाला अवाजवी फायदा मिळाला. पेटीला हात लावायची गरजच पडली नाही, पेटीच्या आधीचं सगळं ठरून गेलेलं.

स्पष्टवक्ता

कृष्णाकाठ, तुमचा अभ्यास चांगला आहे पण मला हे सगळं एकांगी वाटलं. मी काही मुद्दे मांडतो, राग मानू नका. एक म्हणजे लोकांनी ६८ टक्के जागा दिल्या होत्या ना? आधीच्या सरकारने खोटं बोलून देश बुडवला होता हे तुम्हीच लिहिलंय. मग नव्या सरकारने जुनी घडी मोडायची नाही तर काय करायचं? जुनी घटना १९४९ ची कम्युनिस्ट काळातली होती, नंतर डागडुजी केलेली, ती बदलणं चूक कसं? दुसरं, निवृत्तीचं वय सगळे देश बदलतात. जागांच्या प्रमाणात समित्या आपल्या संसदेतही असतात. एक फेरीची निवडणूक तर आपल्याकडे पहिल्यापासून आहे. प्रत्येक गोष्ट कुठल्या ना कुठल्या लोकशाही देशात चालते, फक्त ओर्बानने केली की हुकूमशाही? ब्रसेल्समध्ये बसलेल्या युरोपियन युनियनच्या न निवडलेल्या लोकांनी निवडून आलेल्या पंतप्रधानाला शिकवायचं, हे मला तरी पटत नाही.

कृष्णाकाठ

राग कशाला मानेन, हाच प्रश्न तेव्हा हंगेरीतल्या कितीतरी चांगल्या माणसांनी विचारला. आणि त्यांचं सरकार अगदी हेच उत्तर द्यायचं, हे कलम जर्मनीत आहे, ते फ्रान्समध्ये आहे.

पण नियम सुटा काढून बघितला की तो निरुपद्रवीच दिसतो. आपल्याकडे एक फेरी आहे, मान्य, पण आपल्याकडे जिंकणाऱ्याची जादा मतं यादीत जात नाहीत, आणि मतदारसंघांच्या हद्दी पुनर्रचना आयोग ठरवतो, सत्ताधारी पक्षाच्या खासदाराने मांडलेलं विधेयक नाही. निवृत्तीचं वय बदला की, पण पुढे लागणाऱ्यांसाठी बदला, टप्प्याटप्प्याने बदला. इथे आठ वर्षं एका झटक्यात कमी केली आणि त्याच महिन्यात रिकाम्या जागा भरायचा अधिकार एका नव्या माणसाच्या हातात दिला. मी कुठलाही असा कायदा वाचला की आता पहिल्यांदा हेच बघते की लागू कधीपासून होतोय, पहिली नेमणूक कोण करणार आणि तो माणूस किती वर्षं राहणार. उद्देशाच्या कलमात काय लिहिलंय ते शेवटी वाचते.

जुनी घटना बदलणं चूक नव्हतंच. पण १९९५ मध्ये त्यांनी ठरवलं होतं की नवी घटना लिहायच्या पद्धतीला संसदेच्या चार पंचमांश सभासदांची संमती हवी, म्हणजे विरोधकांना बरोबर घेऊनच लिहायची. ती अट फिदेसने २०१० मध्ये आधी दोन तृतीयांशने काढून टाकली आणि मग घटना लिहायला घेतली. विरोधकांना बरोबर घ्यायची इच्छा असती तर ती अट कशाला काढली असती?

निवृत्त_बेंचक्लार्क

मी तालुका कोर्टात आणि पुढे जिल्हा कोर्टात आयुष्य घालवलंय म्हणून बोलतो. बाहेरच्या लोकांना वाटतं कोर्ट म्हणजे निकाल. निकाल ही शेवटची गोष्ट आहे हो. केस कुठल्या कोर्टापुढे जाते, बोर्डावर कधी लागते, पहिल्या पाचात लागते का शेवटी लागून संध्याकाळी आपोआप तारीख पडते, बदल्या कुणाच्या कधी होतात, यावर अर्ध्या केसचं काय होणार ते ठरतं. ज्याच्या हातात कामाचं वाटप त्याला न्यायाधीशाला फोन करायची गरज पडत नाही. धाग्यात त्या हांडोबाईंचं आलंय, मी वाचलं त्याप्रमाणे सुरुवातीला त्यांना एका कोर्टातली केस दुसऱ्या कोर्टात पाठवायचाही अधिकार होता, नंतर बाहेरून दबाव आल्यावर तो काढला. माझ्या मते धाग्यातल्या सगळ्या गोष्टींत ही सगळ्यात वाईट.

आणि आपल्याकडचं आजचं नको म्हणालात, पण जुनं सांगतो कारण ते याच जातीचं आहे. २४ एप्रिल १९७३ ला केशवानंद भारतीचा निकाल आला, घटनेचा मूळ गाभा संसदेलाही बदलता येणार नाही असा, म्हणजे सरकारच्या विरोधात, आणि लगेच पुढच्या एक-दोन दिवसांत सरकारने न्या. शेलाट, हेगडे आणि ग्रोव्हर या तिघा ज्येष्ठांना डावलून न्या. रे यांना सरन्यायाधीश केलं. तिघांनीही राजीनामे दिले. कायद्यात ज्येष्ठतेचं बंधन लिहिलेलं नव्हतंच, ती प्रथा होती, त्यामुळे बेकायदा काहीच घडलं नाही. आणीबाणी त्यानंतर दोन वर्षांनी आली. १९७६ ला जबलपूरच्या केसमध्ये पाच न्यायाधीशांतले एकटे न्या. खन्ना म्हणाले की आणीबाणीतही माणसाला विनाचौकशी डांबलं तर कोर्टात दाद मागता आली पाहिजे. बाकी चौघे सरकारच्या बाजूने, त्यात आपले यशवंतराव चंद्रचूडही होते. जानेवारी १९७७ मध्ये खन्नांना डावलून बेग सरन्यायाधीश झाले, खन्नांनी राजीनामा दिला. लोक आणीबाणी म्हटलं की २५ जून १९७५ ची रात्र सांगतात, आम्ही कोर्टवाले १९७३ चा एप्रिल सांगतो.

चौकस

काका, +१. हे असं कुणी शाळेत शिकवलं नाही.

डॅन्यूबकाठी

मी २०१३ ते २०१६ बुडापेस्टमध्ये कामाला होते, आयटीत. वर जे कायदे लिहिलेत ते मला तेव्हा एकही माहीत नव्हते आणि माझ्या हंगेरियन सहकाऱ्यांनाही बऱ्यापैकी माहीत नव्हते, दिवस नेहमीसारखेच जायचे, ट्राम वेळेवर, कॅफे भरलेले, सरकारला शिव्या देणारे लोक ट्राममध्ये मोठ्याने शिव्या देत होते आणि कुणी कुणाला पकडत नव्हतं. त्यामुळे बाहेरच्याला सांगायला गेलं की इथे काहीतरी बिघडतंय तर तो म्हणणार, कुठे बिघडतंय?

एक गोष्ट मात्र दर महिन्याला हातात यायची. सरकारने २०१३ मध्ये गॅस, वीज, पाण्याचे दर कमी केले. आणि कायदाच केला की प्रत्येक बिलावर तुमचे किती फोरिंट वाचले ते नारिंगी चौकटीत छापायचं. नारिंगी हा फिदेसचा रंग. माझी घरमालकीण निवृत्त शिक्षिका, एकटी राहायची, ती ते बिल मला दाखवून म्हणायची हे बघ, आधीच्या कुठल्या सरकारने माझा विचार केला होता? आणि ती खोटं बोलत नव्हती, हिवाळ्यात गॅसचं बिल तिच्या पेन्शनचा मोठा भाग खायचं. तिला मी घटना न्यायालयाच्या समितीचं काय सांगणार होते? दर कमी करणं वाईट असं मी मुळीच म्हणत नाहीये. पण सरकारी बिलावर पक्षाचा रंग, निवडणुकीच्या तोंडावर, देशातल्या प्रत्येक घरात, आणि विरोधकांना तेवढं पोचायला टीव्ही नाही, पेपर नाही, होर्डिंग नाही.

ओर्बानच्या गावालाही जाऊन आले, फेलचूट. वस्ती दोन हजाराच्या आत आणि फुटबॉल स्टेडियम जवळजवळ चार हजार खुर्च्यांचं, लाकडी कमानींचं, दिसायला खरंच सुंदर, २०१४ मध्ये उघडलं. गावाचा महापौर तेव्हा लोरिंत्स मेसारोश, ओर्बानचा लहानपणापासूनचा ओळखीचा, मूळचा गॅस जोडणीची कामं करणारा, तो पुढे देशातला सगळ्यात श्रीमंत माणूस झाला. २०१६ च्या ऑक्टोबरमध्ये नेपसबादशाग हा मोठा विरोधी पेपर एका शनिवारी अचानक बंद झाला, पत्रकारांना ऑफिसात यायचंच नाही असं सांगितलं, आणि काही आठवड्यांतच त्या पेपरची मालक कंपनी मेसारोशशी संबंधित कंपनीने घेतली. माझ्या टीममधल्या मुलाचे वडील तो पेपर आयुष्यभर वाचायचे. कागदोपत्री कारण तोटा.

स्पष्टवक्ता

डॅन्यूबकाठी, तुमचा अनुभव वाचून बरं वाटलं, तुम्ही घरमालकिणीची बाजूपण लिहिलीत. माझा मुद्दा पण तोच, लोकांना काहीतरी मिळत होतं म्हणून ते मतं देत होते.

पण मला हे सांगा, या विषयावर लिहिणारे सगळे फक्त उजव्यांची उदाहरणं का देतात? व्हेनेझुएला कुठे गेलं?

पणजीकर

स्पष्टवक्ता, रास्त प्रश्न, व्हेनेझुएला घ्याच. चावेझ १९९८ ला स्वच्छ निवडणुकीत जिंकला, जुने दोन पक्ष तेलाचा पैसा वाटून खाणारे, लोक विटलेले, सगळं हंगेरीसारखंच. १९९९ मध्ये नवी घटना. २००४ मध्ये सर्वोच्च न्यायालय २० वरून ३२ न्यायाधीशांचं केलं, सगळ्या नव्या जागा आपल्या माणसांनी भरल्या. २००७ ला आरसीटीव्ही या जुन्या विरोधी वाहिनीचा परवाना संपला तो नवा दिलाच नाही. त्याच वर्षी पुन्हा पुन्हा अध्यक्ष होण्याची मुभा मागणारं जनमत तो थोडक्यात हरला, मग २००९ ला तीच गोष्ट परत जनमताला टाकली आणि जिंकला. डावा-उजवा भेद यात काही नाही. एल साल्वादोरचा अध्यक्ष बुकेले तर कुठल्याच जुन्या खणात बसत नाही, मे २०२१ मध्ये त्याच्या पक्षाच्या नव्या संसदेने पहिल्याच दिवशी घटनापीठाचे पाच न्यायाधीश आणि महाधिवक्ता काढले, आणि त्याच वर्षी ६० वर्षांवरच्या न्यायाधीशांना घरी पाठवणारा कायदा केला. परत निवृत्तीचं वय! हंगेरीत ६२, पोलंडमध्ये ६५, इथे ६०.

पोलंडचं मात्र सांगतो कारण तिथे एक माणूस ठाम उभा राहिला. २०१८ च्या जुलैत सर्वोच्च न्यायालयाचं निवृत्तीचं वय ७० वरून ६५ केलं, अध्यक्षा माल्गोझाता गेर्सडोर्फ पासष्ट ओलांडलेल्या, सरकारच्या लेखी निवृत्त. घटनेत अध्यक्षपदाची मुदत सहा वर्षं लिहिलीय म्हणून त्या दुसऱ्या दिवशी सकाळी नेहमीसारख्या कामावर आल्या. बाहेर लोकांची गर्दी, हातात पांढरी फुलं, घटनेच्या घोषणा. युरोपियन कोर्टाने ऑक्टोबरात अंतरिम आदेश दिला आणि वर्ष संपायच्या आत सरकारने कायदा मागे घेतला, न्यायाधीश परत आले. हंगेरीत निकाल जागा भरल्यावर आला, पोलंडमध्ये आदेश आधी आला. फरक एवढाच, पण केवढा मोठा.

निवृत्त_बेंचक्लार्क

पणजीकर, स्टे वेळेवर मिळाला की केस निम्मी जिंकली असं आमचे जुने वकील म्हणायचे. अंतिम निकाल लागेपर्यंत ताबा गेलेला असेल तर त्या कागदाचा उपयोग नाही.

नळावरची_चर्चा

मी एक आपल्याकडचं लिहिते, पक्षाचं नाही, कारण यात सगळ्या पक्षांची सरकारं येऊन गेली. मुंबई महापालिकेची मुदत मार्च २०२२ मध्ये संपली. त्यानंतर साडेतीन वर्षांहून जास्त काळ प्रशासक. राज्यातल्या इतरही कितीतरी महापालिका, जिल्हा परिषदा तशाच. ओबीसी आरक्षणाची केस, प्रभागरचना एकदा अशी मग तशी, मे २०२५ मध्ये सुप्रीम कोर्टाने चार महिन्यांत घ्या म्हणून सांगावं लागलं. या काळात दोन वेगवेगळ्या आघाड्यांची सरकारं होती आणि कुणालाच घाई नव्हती.

आमच्या भागात त्या काळात पाण्याची वेळ बदलली, पहाटे साडेचारची केली. पूर्वी असं झालं की आम्ही बायका नगरसेविकेच्या घरी जाऊन बसायचो, ती चिडली तरी फोन लावायची, कारण पुढच्या वेळी मतं आमच्याकडेच मागायची होती. प्रशासकाकडे अर्ज दिला, पोच मिळाली, शिक्का मिळाला. त्याला आमची मतं नकोच आहेत तर तो का धावेल? निवडणूक कुणी रद्द केली नव्हती, फक्त होत नव्हती. आणि एवढ्या मोठ्या मुंबईचं बजेट सभागृहात एकही नगरसेवक नसताना मंजूर होत होतं, त्यावर पेपरात रोज लिहून यायला हवं होतं, तसं आलं नाही याचं मला फार वाईट वाटतं.

स्पष्टवक्ता

नळावरची चर्चा, या बाबतीत पूर्ण सहमत. आमच्या जिल्हा परिषदेचं पण तेच.

चौकस

कृष्णाकाठताई, शेवटचा प्रश्न. समजा हंगेरीत २०१४ नंतर कधीतरी विरोधक साध्या बहुमताने जिंकले असते, तर हे सगळं उलटवता आलं असतं का?

कृष्णाकाठ

फार थोडं. निवडणूक कायदा, कोर्टांचा कायदा, मीडियाचा कायदा, सगळे दोन तृतीयांशचे करून ठेवलेत. मुख्य सरकारी वकील ९ वर्षांसाठी, तोही दोन तृतीयांशने निवडलेला, म्हणजे जुन्या सरकारच्या भ्रष्टाचाराचा खटला भरायचा की नाही हे जुन्यांचाच माणूस ठरवणार. आणि नव्या घटनेत एक तीन जणांचं अर्थसंकल्प मंडळ आहे, राष्ट्रीय बँकेचा गव्हर्नर, लेखापरीक्षण कार्यालयाचा प्रमुख ज्याची मुदत १२ वर्षं, आणि राष्ट्राध्यक्षाने नेमलेला अध्यक्ष. त्यांच्या संमतीशिवाय बजेट मंजूर होत नाही. आणि ३१ मार्चपर्यंत त्या वर्षाचं बजेट मंजूर झालं नाही तर राष्ट्राध्यक्ष संसद बरखास्त करू शकतो. म्हणजे लोकांनी सरकार बदललं तरी तीन न निवडलेली माणसं ते सरकार पुढच्या वसंतात पाडू शकतात. यातलं प्रत्येक पद २०१० ते २०१३ च्या दरम्यान भरलं गेलं. म्हणून मी पहिल्या चार वर्षांवर अडून बसलेय.

पोलंडमध्ये २०२३ च्या ऑक्टोबरात ७४ टक्के मतदान होऊन सरकार बदललं, तरी जुन्या पक्षाच्या बाजूचा राष्ट्राध्यक्ष कोर्टाच्या दुरुस्त्या अडवून बसला, आणि २०२५ ला त्या जागी त्याच पक्षाच्या पाठिंब्याचा दुसरा निवडून आला.

बॉकांचं राहिलं सांगायचं. ते स्ट्रासबर्गला गेले, २०१४ मध्ये जिंकले, सरकारने अपील केलं, जून २०१६ मध्ये महापीठापुढे परत जिंकले. ७०,००० युरो भरपाई आणि वर खर्चाचे ३०,०००. पद मिळालं नाही, त्यांची मूळ सहा वर्षं तोपर्यंत संपूनही गेली होती.

पणजीकर

तुर्कस्तानवर मी वेगळा धागा काढतो. २०१० च्या सप्टेंबरातल्या जनमतापासून सुरू करेन, कारण कोर्टांच्या नेमणुका बदलणाऱ्या त्या दुरुस्तीला तिथल्या बऱ्याच उदारमतवादी लोकांनी स्वतः जाऊन हो म्हटलं होतं, लष्कराचा आणि जुन्या न्यायाधीशांचा जाच संपेल म्हणून. ५८ टक्क्यांनी पास झालं. त्यांची तेव्हाची कारणं मला नीट मांडायची आहेत. वेळ लागेल, पण लिहितो.

कृष्णाकाठ

लिहाच पणजीकर. आणि बेंचक्लार्ककाकांना विचारून घ्या, कोर्टाच्या नेमणुकांचा भाग ते तपासून देतील.